बिनपंखांच्या माश्या: सरड्याच्या पिल्लांसाठी फळमाश्या घरी कशा वाढवाव्यात

केळं दोन दिवस जास्त राहिलं की त्याच्याभोवती जी बारीक चिलटं घिरट्या घालायला लागतात, तीच ही फळमाशी. शास्त्रीय नाव ड्रोसोफिला. शेतकरी जिच्या नावाने बोटं मोडतात, ती फळमाशी वेगळ्या कुळातली. ती जवळजवळ घरमाशीएवढी असते आणि झाडावरच्या चांगल्या फळाला डंख मारून आत अंडी घालते. आपल्या चिलटांना तसलं काही जमत नाही. त्यांना आंबलेलं, नासायला लागलेलं फळ लागतं, आणि त्यातही फळापेक्षा त्याच्यावर वाढणारं यीस्ट जास्त हवं असतं. ही गोष्ट डोक्यात ठेवा. पुढचं निम्मं काम तिच्यावरच चालतं.

आधी तुम्हाला या माश्यांची खरंच गरज आहे का ते पाहू. लेपर्ड गेको किंवा बिअर्डेड ड्रॅगन या पाळीव सरड्यांचं पिल्लू असेल तर हा लेख बाजूला ठेवलात तरी चालेल. ती पिल्लं जन्मतःच छोटे क्रिकेट (रातकिडे) खाऊ शकतात, आणि एक-दोन मिलिमीटरच्या माश्या वेचून त्यांचं पोट भरत नाही. माश्या लागतात त्या खरोखर इवल्या जिवांना: पिग्मी शॅमेलिअन या बुटक्या, रंग बदलणाऱ्या सरड्यांची पिल्लं, इतर शॅमेलिअनची पहिल्या काही आठवड्यांतली पिल्लं, डे गेकोसारख्या छोट्या गेकोंची पिल्लं. डार्ट बेडूक तर मोठे झाल्यावरही याच खातात, पण ते उभयचर. ढोबळ नियम असा की भक्ष्य प्राण्याच्या दोन डोळ्यांमधल्या अंतरापेक्षा मोठं नसावं. त्या अंतरात क्रिकेटचं सगळ्यात लहान पिल्लूही बसत नसेल, तर माश्या पाळायला लागा. आणि पिल्लं जन्मायच्या महिनाभर आधी लागा. पिल्लं अंड्यातून बाहेर आल्यावर माश्या शोधत फिरणारे पुष्कळ पाहिले आहेत, मीही त्यांतलाच एक होतो.

कोणत्या माश्या आणायच्या

स्वयंपाकघरातली चिलटं पकडून चालत नाही, कारण ती उडतात. डबा उघडला की अर्ध्या पिल्लाच्या घरात आणि अर्ध्या तुमच्या चहात. छंदाच्या बाजारात न उडणाऱ्या माश्यांचे तयार डबे मिळतात. त्यांत दोन जाती असतात.

मेलानोगॅस्टर ही साधारण दोन मिलिमीटरची. अंड्यापासून माशी व्हायला २५ अंश सेल्सिअसला सुमारे १० दिवस लागतात. हायडेई तिच्यापेक्षा मोठी, तीन मिलिमीटरच्या आसपास, आणि तिला जवळजवळ तीन आठवडे लागतात. नवख्याने मेलानोगॅस्टरने सुरुवात करावी असं माझं स्पष्ट मत आहे. चूक झाली तर दहा-बारा दिवसांत कळते आणि सुधारता येते. हायडेईच्या बाबतीत तीच चूक कळेपर्यंत महिना उलटतो. शिवाय हायडेईचे नर वयात यायलाच आठ-दहा दिवस घेतात. तीन मिलिमीटरच्या या माशीचा शुक्राणू सुमारे २३ मिलिमीटर लांब असतो, म्हणजे घाई का होत नाही ते समजून घेता येईल.

या माश्या उडत नाहीत याचं कारण जनुकीय आहे. कुणाला पंखच नसतात, कुणाचे पंख आखडलेले असतात, तर कुणाचे पंख दिसायला ठीक पण कामाचे नाहीत. हा बिनपंखांचा गुण बहुधा अप्रभावी असतो, म्हणजे आई आणि बाप दोघांकडून आला तरच दिसतो. त्यामुळे बाहेरचा एक उडता नर डब्यात शिरून तुमच्या माद्यांशी जुळला, की त्या जोडीची पहिली पिढी सगळी उडती निघते. म्हणून उडती माशी दिसलेल्या डब्यातून पुढची पैदास कधीच करायची नाही. जमल्यास तो डबा लगेच पिल्लांना खाऊ घालून संपवा.

याच जनुकांनी या माशीला प्रयोगशाळेत मोठं केलं. कोलंबिया विद्यापीठात थॉमस हंट मॉर्गन दुधाच्या बाटल्यांत माश्या वाढवायचे. १९१० साली त्यांना लाल डोळ्यांच्या माश्यांत एक पांढऱ्या डोळ्यांचा नर दिसला आणि तिथून १९३३ च्या नोबेलपर्यंतची वाट निघाली. आपला डबा म्हणजे त्या बाटलीचाच नातेवाईक, फक्त आपल्या माश्यांचा शेवट जरा वेगळा होतो.

डबा आणि झाकण

साधारण एक लिटरचा पारदर्शक प्लास्टिकचा डबा घ्या. उंच असेल तर बरा. झाकणाला रुपयाएवढी दोन भोकं पाडा आणि त्यांवर आतून कॉफी फिल्टरचा कागद किंवा घट्ट विणीचं सुती कापड चिकटवा. मच्छरदाणीची जाळी नको, तिची भोकं मेलानोगॅस्टरला मोठी पडतात. भोकंच नसतील तर यीस्टमधून निघणारा कार्बन डायऑक्साइड आत साठतो आणि माश्या गुंगून लगद्यावर पडतात. भोकं फार मोठी केलीत तर लगदा वाळतो.

आत चढायला काहीतरी लागतं: लाकडाचा लांब कीस, चुरगळलेले कॉफी फिल्टर किंवा अंड्यांच्या पुठ्ठ्याच्या ट्रेचे उभे तुकडे. माश्यांना बसायला जागा मिळते, अळ्यांना कोष करायला कोरडी जागा मिळते, आणि लगद्यात बुडून मरणं थांबतं. छापील, गुळगुळीत कागद टाळा.

लगदा

इथे घाई करू नका. डबा बिघडला तर तो बहुतेक वेळा इथेच बिघडलेला असतो.

एका डब्यासाठी एक पूर्ण पिकलेलं केळं, चार मोठे चमचे ओट्सची पूड, एक चमचा साखर, एक मोठा चमचा निष्क्रिय ब्रुअर्स यीस्ट, चिमूटभर दालचिनीची पूड आणि दोन मोठे चमचे साधं पांढरं व्हिनेगर. केळ्याची साल वापरू नका. सालीवर फवारणी असू शकते आणि रानटी चिलटांची अंडीही असू शकतात.

केळं कुस्करून त्यात ओट्स, साखर, ब्रुअर्स यीस्ट आणि अर्धी वाटी पाणी घाला, आणि मंद आचेवर ढवळत पाच-सात मिनिटं शिजवा. शिजवणं चवीसाठी नाही. केळ्यावर आधीच बसलेली अंडी आणि बुरशीचे बीजाणू मारण्यासाठी आहे. लगदा चमच्याला चिकटून राहील आणि चमचा उलटा केला तर हळूच सुटेल, इतका दाट हवा. आच बंद केल्यावर व्हिनेगर आणि दालचिनी घाला, कारण आधी घातलेलं व्हिनेगर वाफेबरोबर उडून जातं. व्हिनेगरच्या आंबटपणाने बुरशी आणि जिवाणू दबतात, यीस्टला मात्र तो सोसतो. दालचिनीही बुरशीला आवर घालते.

लगदा गरम असतानाच डब्यात तीन-चार सेंटिमीटर जाडीचा थर ओता आणि वर स्वच्छ कापड टाकून पूर्ण निवू द्या. ही निवण्याची वेळ रानटी चिलटांची आवडती आहे. माझ्याकडे एकदा डबा ओट्यावर उघडा राहिला, फार तर अर्धा तास. बारा दिवसांनी झाकण काढलं तर खोलीभर उडत्या माश्या. त्यानंतर कापडाला रबर बँड लावल्याशिवाय मी ओट्यापासून हलत नाही.

लगदा निवला की डबा आडवा करून पाहा. लगदा घसरला तर तो पातळ झाला आहे, चमचाभर ओट्सची पूड मिसळा. वर पाणी सुटलं असेल तर टिपून घ्या. मग बेकरीचं सुकं सक्रिय यीस्ट वर भुरभुरवा, दहा-पंधरा दाणे पुरेत. दोन प्रकारच्या यीस्टमध्ये गल्लत करू नका. लगद्यात मिसळलेलं निष्क्रिय यीस्ट अळ्यांचं प्रथिन आहे. वरचं सक्रिय यीस्ट जिवंत असतं, ते वाढतं, लगदा आंबवतं आणि माद्यांना अंडी घालायचं आमंत्रण देतं. लगदा गरम असताना टाकलं तर ते मरतं. चमचाभर टाकलं तर फेस येतो आणि वायू एवढा होतो की माश्या गुदमरतात. नवख्याचा हात इथे हमखास सैल सुटतो.

शेवटी लाकडाचा कीस किंवा पुठ्ठ्याचे तुकडे लगद्यात थोडे रोवून उभे करा, म्हणजे ते हलणार नाहीत.

माश्या आत सोडणं

या माश्या उडत नसल्या तरी चढतात, आणि नेहमी वर. भरलेला डबा तसाच उघडला तर झाकणाच्या कडेवर जमलेली सगळी फौज तुमच्या मनगटावर येते. म्हणून उघडण्याआधी डबा टेबलावर दोन-तीनदा आपटायचा. टपटप. जोरात नाही, कारण जुना लगदा सैल असेल तर तो सुटून माश्यांवर कोसळतो. खाली दुमडलेला टॉवेल ठेवलात तर आपटण्याचा जोर नेमका लागतो.

माश्या खाली पडल्या की तीन-चार सेकंद मिळतात. तेवढ्यात झाकण काढा, डबा तिरका करा आणि नव्या डब्याच्या तोंडावर धरलेल्या नरसाळ्यात बोटाने टिचक्या मारत माश्या पाडा. पहिल्या वेळी पाच-दहा निसटतीलच. मेलानोगॅस्टरच्या पन्नास-साठ माश्या एका डब्याला पुरतात, हायडेईच्या ऐंशी-शंभर घ्याव्या. मोजत बसू नका, अंदाजाने टाका. त्यात दोन्ही लिंगं आपोआप येतात. तरी पाहायचं असेल तर मेलानोगॅस्टरचा नर लहान असतो आणि त्याच्या पोटाचं टोक काळं असतं.

झाकण लावल्याबरोबर डब्यावर तारीख आणि जात लिहा. पेन शेजारीच ठेवा. आठ दिवसांनी सगळे डबे सारखेच दिसतात.

वाट पाहायचे दिवस

दुसऱ्या दिवशी भिंग घेऊन लगद्याच्या कडेला पाहा. अर्ध्या मिलिमीटरचे पांढरे दाणे दिसतील. मेलानोगॅस्टरच्या प्रत्येक अंड्याला पुढे दोन बारीक तंतू असतात, हायडेईच्या अंड्याला चार. अंडं ओल्या लगद्यात रुतलं तरी या तंतूंमधून आत हवा जाते. उबेत साधारण एका दिवसात अंडं फुटतं. मग चार-पाच दिवस अळ्या लगदा पोखरत राहतात, वरचा थर हलताना दिसतो आणि वास अधिक आंबट होतो. तो वास चांगला. कुजका, सडल्यासारखा वास आला तर डबा टाकून द्या.

पाचव्या-सहाव्या दिवसाच्या सुमारास अळ्या खाणं सोडून भिंतीवर चढतात आणि तिथेच कोष करतात. कोष आधी फिका, मग तपकिरी. माशी बाहेर यायच्या आदल्या दिवशी त्याच्या पातळ सालीतून लाल डोळे दिसतात. भिंतीवर असे लाल ठिपके दिसले की उद्या-परवा माश्या निघणार.

या काळात तापमान २२ ते २६ अंशांत ठेवा. १८ अंशांना सगळा कारभार जवळजवळ दुप्पट लांबतो. उष्णतेचं नुकसान जास्त फसवं असतं. माझा दुसराच डबा मी मोठ्या हौसेने पिल्लांच्या घरावर, दिव्याशेजारी ठेवला होता. माश्या जिवंत, अंडी भरपूर, आणि एकही अळी नाही. लगदा बिघडला असेल म्हणून दोनदा नवा केला. शेवटी तिथे थर्मामीटर ठेवला तेव्हा ३१ अंश दिसले. तीस अंशांच्या आसपास नर वांझ होतात, माद्या अंडी घालतात पण ती फुटत नाहीत. आखूड पंखांच्या काही वाणांत एवढ्या उष्णतेत पंखही मोठे होतात. डबे दिव्यापासून आणि उन्हापासून लांब ठेवा. डास मारण्याची औषधं आणि फवारे त्या खोलीत नकोत. माश्याही कीटकच आहेत, आणि पिल्लांनाही ते चांगले नाहीत.

आधी बियाणं

पहिल्या माश्या निघाल्या की त्या लगेच पिल्लांसमोर ओताव्याशा वाटतात. थांबा. दोन-तीन दिवस त्यांना खाऊ द्या, जुळू द्या. मग त्यातल्या पन्नास-साठ बियाणं म्हणून पुढच्या डब्यात टाका आणि उरलेल्या पिल्लांना द्या. हायडेई असेल तर बियाण्यासाठी आणखी आठवडाभर थांबा. उरलेलं बियाणं म्हणून वापरायचं, असा उलटा क्रम लावणाऱ्यांचे डबे दीड महिन्यात बंद पडतात. जुन्या डब्यातल्या उरल्यासुरल्या माश्या म्हाताऱ्या असतात, अंडी कमी घालतात, आणि बहुधा सोबत माइट, म्हणजे धुळीएवढे बारीक आठ पायांचे जीव, घेऊन येतात.

मेलानोगॅस्टरसाठी दर आठवड्याला एक नवा डबा लावायचा. हायडेईसाठीही तेच, फक्त पहिलं पीक हाती येईपर्यंत तीन-चार डबे रांगेत उभे राहतील एवढं लक्षात ठेवा. दर वेळी थोडे वेगवेगळ्या डब्यांतून बियाणं घ्या, म्हणजे एक डबा बिघडला तरी सगळं बियाणं एकदम हातचं जात नाही. डबा लावून पाच आठवडे झाले की कितीही माश्या असल्या तरी तो काढून टाका.

भरवणं

माश्यांत कॅल्शियम फार कमी आणि फॉस्फरस जास्त असतं. नुसत्या माश्यांवर वाढलेल्या पिल्लाची हाडं मऊ पडतात, जबडा वाकतो, पाय थरथरतात, आणि बरेचदा लक्षात येईपर्यंत उशीर झालेला असतो. म्हणून माश्या नेहमी बारीक कॅल्शियमच्या पुडीत घोळवून द्या. कोरड्या कपात चिमूटभर पूड घ्या, माश्या टाका आणि कप हलकेच गोल फिरवा. काही सेकंदांत माश्या पिठात लोळल्यासारख्या पांढऱ्या होतात. लगेच द्या, कारण माशी स्वतःला झटकून स्वच्छ करते आणि काही तासांत पूड उरत नाही. व्हिटॅमिन डी-३ असलेली पूड रोज वापरू नका. तिचा अतिरेक बाधतो. किती दिवसांनी द्यायची ते जात, दिवा आणि त्यातली यूव्ही (अतिनील) किरणं यांवर ठरतं, म्हणून सरपटणाऱ्या प्राण्यांचा अनुभव असलेल्या पशुवैद्याला विचारा.

पिल्लू दहा-पंधरा मिनिटांत जेवढ्या माश्या वेचेल तेवढ्याच सोडा. घरात केळ्याचा छोटा तुकडा ठेवला तर माश्या त्याच्याभोवती जमतात आणि पिल्लाला शिकार शोधत हिंडावं लागत नाही. तो तुकडा रोज बदला. उरलेल्या माश्या रात्री झोपलेल्या पिल्लाच्या अंगावर, डोळ्यांवर फिरतात आणि त्याला त्रास होतो. पिल्लू वाढलं की लवकरच छोट्या क्रिकेटवर न्या.

काय काय बिघडतं

माइट हा खरा शत्रू. डब्याच्या कडेला किंवा कोषांवर पांढरट धूळ दिसते, आणि भिंगातून पाहिलं तर ती धूळ चालत असते. माइट माश्यांचं अन्न खातात, आणि फार वाढले की अंड्यांपर्यंत पोचतात. डबे एकमेकांना चिकटून ठेवू नका. प्रत्येक डबा साबणाचं पाणी असलेल्या उथळ ताटात, त्यात उंच ठेवलेल्या वाटीवर ठेवला, तर माइटला शेजाऱ्याकडे चालत जाता येत नाही. माइट दिसलेल्या डब्यातून बियाणं घ्यायचं नाही. सगळेच डबे बाधित असतील तर नवे बियाणं आणून पहिल्यापासून सुरुवात करणं स्वस्त पडतं.

लगद्यावर पहिल्या दोन-तीन दिवसांत बुरशीचे ठिपके आले, तर घाबरू नका. अळ्या भरपूर झाल्या की त्या लगदा उलथापालथ करून तिला दाबून टाकतात. पण अळ्या वाढायच्या आधीच बुरशीने लगदा झाकून टाकला, तर बियाण्याच्या माश्या कमी पडल्या आहेत असं समजा. डब्याच्या भिंतींवर पाण्याचे थेंब जमून माश्या चिकटत असतील तर झाकणाला आणखी एक भोक पाडा.

निसटलेल्या माश्यांसाठी छोट्या वाटीत व्हिनेगर आणि भांडी धुण्याच्या साबणाचा एक थेंब ठेवा. साबणाने पृष्ठताण कमी होतो आणि माशी पाण्यावर उभी न राहता बुडते. संपलेला डबा नुसता कचऱ्यात टाकू नका, त्याच्या आत अजून शेकडो अळ्या असतात. झाकण घट्ट लावून तो २४ तास फ्रीजरमध्ये ठेवा आणि मग टाका. फ्रीजरमध्ये ठेवण्याआधी त्यावर ठळक अक्षरांत काय आहे ते लिहा. माझ्या घरात एकदा तो आइस्क्रीमचा डबा समजून उघडला गेला होता.